कठडा आणि जयणा

अहिल्यानगरच्या, बोलण्यात अजून नगरच्याच, जुन्या पेठेतून हिंडताना खाली दुकान आणि वर घर अशी वास्तू आजही जागोजागी दिसते. गल्ल्यामागे एक अंधारा बोळ, बोळाच्या टोकाशी लाकडी जिना आणि जिन्याच्या माथ्यावर एकदम उजेडात उघडणारी माडी. व्यापाऱ्याने जागेचा हिशेब असा मांडलेला असे, की पहिली रुंदी मालाला आणि उरलेली माणसाला. म्हणून हे जिने अरुंद आणि उभे. पायरी उंच, पाऊल टेकायला जागा थोडी. अशा जिन्यावर माणूस पायांनी चढतो तितकाच हातानेही चढतो. त्यामुळे त्याचा कठडा ही शोभेची वस्तू कधीच नव्हती. तरीही घरातली सर्वांत दुर्लक्षित वस्तू कोणती, असे विचारले तर उत्तर बहुधा तेच निघेल. कठडा दिवसातून पन्नास वेळा धरला जातो, आणि वर्षातून एकदाही पाहिला जात नाही.

कापडाचा व्यापार करणाऱ्या एका ओसवाल कुटुंबातल्या कठड्याची ही हकीकत आहे. 17 पायऱ्या, मधे एक वळण. उभे गज कातीव, वरचा दांडा सागाचा आणि गोल. घरात लग्न ठरले, की भिंतींबरोबर कठड्यावरही ऑइलपेंटचा हात फिरे. कधी हिरवा, कधी राखाडी, शेवटी चकचकीत चॉकलेटी. खालचा रंग खरवडायचा कोणाला वेळ नसे. थरावर थर चढत गेले आणि गजांवरची कातीव नक्षी हळूहळू बुजून गेली.

नातवाचे लग्न माघात ठरले तेव्हा पुन्हा कठड्याचा विषय निघाला. या वेळी रंग नको, काहीतरी कायमचे करून टाकू, असे सर्वांचे मत पडले. एका कंत्राटदाराने जुना कठडा कापून काढून स्टीलचा बसवायचा बेत सांगितला. दुसरा म्हणाला, कापायचीही गरज नाही. लाकडाच्या नक्षीचे प्लास्टिकचे आवरण मिळते, ते दांड्यावर चढवले की आतले जुने कोणाला दिसायचेच नाही. आवरणाचा बेत स्वस्त होता, पण स्टील अधिक पसंत पडले आणि 5,000 रुपये विसार देऊन काम ठरले. घरातल्या सर्वांना विचारले होते. फक्त दादीजींना विचारायचे राहिले होते, कारण त्या जिन्यावर आता येतच नव्हत्या.

त्यांचे वय 81. त्या वर्षीच्या चातुर्मासात त्या एकदाही स्थानकात गेल्या नव्हत्या. जवळच्या स्थानकात साध्वीजी विराजमान होत्या, रोज सकाळी प्रवचन होते, आणि ज्या बाईने पन्नास वर्षे चातुर्मासातले प्रवचन सहसा चुकवले नाही ती माडीवर आपल्या खोलीत आसन टाकून एकटीच सामायिक करीत बसे. विचारले तर म्हणत, गुडघे. या वयात गुडघे म्हटल्यावर पुढचा प्रश्न कोणी विचारीत नाही. साध्वीजी एकदा घरी येऊन मांगलिक ऐकवून गेल्या, तेव्हा सर्वांना समाधान वाटले आणि गोष्ट तिथेच थांबली.

खरे कारण नातसुनेला दिसले, तेही योगायोगाने. दिवाळीनंतरच्या एका दुपारी पुरुषमंडळी दुकानात आणि बाकीच्या बायका आत असताना ती बोळातून आली, तो दादीजी जिन्यात होत्या. त्या उभ्याने उतरत नव्हत्या. एका पायरीवर बसून, हात टेकून, शरीर पुढच्या पायरीवर सरकवीत, लहान मूल उतरते तशा उतरत होत्या. नातसून दिसताच त्या आहेत तिथे थांबल्या आणि पदर सारखा करू लागल्या. पुष्कळ वेळाने म्हणाल्या, "बीनणी, पाय चालतात गं अजून. हात राहत नाही." काही वर्षांपूर्वी त्यांचे डावे मनगट मोडले होते, उतरताना कठडा येतो तो डाव्याच हाताला. जाड, गुळगुळीत, रंगाने लिंपलेला दांडा त्या मनगटाला पेलत नव्हता. आषाढात एकदा ओल्या तळव्याने हात सटकला होता. पडल्या नाहीत, पण त्या दिवसापासून जिना संपला, आणि जिन्याबरोबर स्थानकही.

स्टीलचे काम दुसऱ्या दिवशी थांबवले गेले. विसाराचे पैसे गेले. व्यापारी माणसाला असा पैसा सोडणे किती जड जाते हे या मासिकाच्या वाचकांना सांगायला नको. स्टील वाईट असते असे नव्हे. पण बारीक मनगटाला आणि घामट तळव्याला चकचकीत नळीचा उपयोग ऑइलपेंटहून फारसा वेगळा झाला नसता. प्लास्टिकच्या आवरणाने तर जाडी आणखी वाढली असती. म्हातारपणी मुठीत नीट बसतो तो साधारण दीड ते पावणेदोन इंच व्यासाचा गोल दांडा. त्याहून जाड झाला, की बोटे पूर्ण वळत नाहीत आणि माणूस तो धरत नाही, त्याच्यावर नुसता हात ठेवतो.

जुन्या ओळखीच्या मिस्त्रींना बोलावले. त्यांनी आधी दांडा हलवून पाहिला, मग नखाने रंगाचा एक पापुद्रा उचलला आणि सांगितले, "लाकडाला काही झालेलं नाही, शेठ. आजी लाकडाला धरतच नव्हत्या, रंगाला धरत होत्या." काही गजांचे कुसू ढिले झाले होते, म्हणून कठडा थरथरे. ते काढून पुन्हा घट्ट बसवायचे, सगळा रंग उतरवायचा, दांडा मूळ जाडीवर आणायचा, भिंतीच्या बाजूने उजव्या हाताला एक नवा गोल दांडा द्यायचा, आणि शेवटी चपडीच्या पॉलिशचा हात मारायचा, असे काम त्यांनी सांगितले.

चपडी हा शब्द ऐकताच आत बसलेल्या दादीजींनी विचारले, "लाखेचं?"

या एका प्रश्नापाशी काम काही दिवस अडले, आणि अडले ते बरे झाले. ज्या घरांतून प्रतिक्रमणातल्या सातव्या व्रताचे अतिचार अजून अर्थासह म्हटले जातात, तिथे पंधरा कर्मादानांची नावे मुखोद्गत असतात. सातवे अंग 'उपासकदशांग'. त्यात आनंद श्रावकाच्या अध्ययनात भगवंतांनी श्रावकाला वर्ज्य म्हणून जे पंधरा व्यवसाय सांगितले, त्यांत अंगारकर्म, वनकर्म यांच्या ओळीत लाक्षावाणिज्यही येते. लाखेचा व्यापार का वर्ज्य, हे लाख कशी तयार होते ते पाहिल्यावर वेगळे समजावून सांगावे लागत नाही. पळस, बोर, कुसुम अशा झाडांच्या कोवळ्या फांद्यांवर लाखेचे बारीक कीटक दाटीने बसतात, झाडाचा रस शोषतात आणि स्वतःभोवती राळेचे कवच निर्माण करतात. त्या फांद्या तोडायच्या, कवच खरवडायचे, कुटायचे, धुवायचे, तापवून गाळायचे आणि पातळ ताणून वाळवायचे; ती चपडी. कुटण्याधुण्यात कवचाबरोबर काय जाते ते उघड आहे. हा उद्योग इतिहासजमाही झालेला नाही. आपल्याकडे गोंदिया-गडचिरोलीच्या जंगलपट्ट्यात लाख निघते, आणि रांचीजवळ नामकुम येथे 1924 पासून लाखेवर संशोधन करणारी संस्था आहे. आपण लाखेचा व्यापार करीत नाही, म्हणून आपला तिच्याशी संबंध नाही, असे मात्र म्हणता येत नाही. दिवाणखान्यातल्या खुर्चीवर, औषधाच्या गोळीवर, चॉकलेटच्या चकाकीत ती असू शकते. वेष्टनावर 904 हा क्रमांक असेल तर ती लाखच.

गंमत अशी, की ऑइलपेंटचे थर उतरवल्यावर तळाशी तीच निघाली. मिस्त्रींनी स्पिरिटमध्ये भिजवलेला बोळा लाकडावर दाबून धरला, तो खालचा तांबूस थर मऊ होऊन बोळ्याला लागला. स्पिरिटने विरघळते ती लाख; ऑइलपेंट तसा विरघळत नाही. म्हणजे ज्या पूर्वजांनी सूर्यास्तानंतर पाण्याचा घोटही घेतला नाही, त्यांनीच हा कठडा लाखेने उजळला होता. थोरल्या मुलाला यात पळवाट दिसली. तो म्हणाला, "बाई, आधीपासून आहेच, तर मग वरून एक हात काय वाईट?" दादीजी म्हणाल्या, "त्यांना ठाऊक नव्हतं. तुला आता ठाऊक आहे."

मग एकेक जिन्नस तपासला गेला. मधमाश्यांच्या मेणाचे पॉलिश अर्थातच नको. कुसू चिकटवायला पूर्वी सुतार सरस उकळीत. तो जनावरांची कातडी आणि हाडे शिजवून होतो. 1959 मध्ये फेव्हिकॉल बाजारात आला, तेव्हापासून सुतारांचे सरसाचे भांडे हळूहळू उतरणीला लागले. पण जुन्या कारागिरांच्या पेटीत सरस अजून सापडतो, तेव्हा विचारून घेतलेले बरे. ब्रशाचे केस हा आणखी एक चकवा. स्वस्तातल्या कित्येक ब्रशांना डुकराचे केस असतात आणि दुकानदारालाही ते ठाऊक नसते. एक केस उपटून पेटवला, की कळते: प्राण्याचा असेल तर केस जळाल्याची वास येतो आणि चुरा होतो, नायलॉनचा असेल तर वितळून गोळी होते. या घरात चार ब्रश आणले गेले आणि त्यांतले दोन या परीक्षेनंतर परत गेले.

लाकडातल्या जीवांचा प्रश्न मात्र ब्रशाइतका सोपा नव्हता. वळणापाशी दोन गजांना टाचणीच्या टोकाएवढी छिद्रे होती. छिद्र म्हणजे कीड गेल्याची खूण असू शकते, किंवा असल्याचीही. मिस्त्रींना त्यात औषध सोडायचे होते. दादीजींचे म्हणणे, आधी पाहा. प्रत्येक गजाखाली काळा कागद घातला आणि आठ दिवस जिना झाडला नाही. त्या दोन गजांखालीच पिठासारखा ताजा भुगा पडला. बाकीचे कागद स्वच्छ राहिले. ते दोन गज कडेच्या फिक्या लाकडाचे होते. सागाच्या गाभ्याला कीड सहसा शिवत नाही, कडेच्या लाकडाला लागते. दोन्ही गज न ठोकता, न कापता काढले आणि गावाबाहेरच्या शेतात झाडाखाली सावलीला नेऊन ठेवले. हे करताना मिस्त्री थोडे हसले, आणि हसले तर हसोत. गोदामात पडून राहिलेल्या जुन्या चौकटीच्या सागातून दोन नवे गज कातले गेले. भिंतीकडचा दांडाही त्याच चौकटीतून निघाला. लग्नाच्या घरात नवे लाकूड आणले नाही म्हणून कोणाचे काही अडले नाही.

काम कधी करायचे यावर वाद झाला नाही. चातुर्मास संपला होता, कार्तिकी पौर्णिमा होऊन गेली होती. पावसाळ्यात असे आरंभ टाळावेत असे वडीलधारे सांगतात, ते जीवोत्पत्तीच्या कारणाने. पण सुतारही तेच सांगतो. ओल्या हवेत लाकूड फुगते, त्या वेळी बसवलेला कुसू उन्हाळ्यात पुन्हा सैल होतो, आणि तेल किंवा रंग वाळता वाळत नाही.

रंग उतरवण्याबद्दल दोन शब्द सविस्तर लिहायला हवेत, कारण पुष्कळ घरांत हे काम गडीमाणसाकडे देऊन मोकळे होतात. जुन्या ऑइलपेंटमध्ये शिसे असू शकते. घरगुती रंगांत शिशाचे प्रमाण दशलक्ष भागांत 90 भागांपेक्षा जास्त नसावे, असा नियम 2016 मध्ये झाला आणि 2017 च्या नोव्हेंबरपासून लागू झाला. त्याआधीचे थर कसले आहेत हे डोळ्यांना कळत नाही. असा रंग कोरडा घासला, तर त्याची धूळ घरभर पसरते आणि रांगणाऱ्या मुलाच्या हातातून तोंडात जाते. शिसे मुलाच्या वाढत्या मेंदूला अपाय करते. म्हणून रंग जाळायचा नाही, कोरडा घासायचा नाही. पृष्ठभाग ओल्या फडक्याने दमट ठेवून खरवडायचा, खाली कापड अंथरायचे आणि पापुद्रे गोळा करून बंद पिशवीत टाकायचे. मिस्त्रींच्या तोंडाला पट्टी हवी. दादीजींनी त्यांना आपल्याकडच्या धुतलेल्या मांजरपाटाची चौपदरी घडी करून दिली. मिस्त्रींनी ती बांधली, पण नातवाने बाजारातून धूळ अडवणारा खरा मास्कही आणला, आणि ते योग्यच केले. कापडाची घडी बारीक धूळ अडवीत नाही.

शेवटचा लेप म्हणून उकळलेले अळशीचे तेल ठरले. ते लाकडात मुरते, हवेशी संयोग होऊन घट्ट होते आणि काचेसारखी चकाकी देत नाही. इथे चकाकी नकोच होती. पातळ हात द्यायचा, पंधरा-वीस मिनिटांनी जास्तीचे तेल पुसून घ्यायचे आणि पूर्ण वाळल्यावरच पुढचा हात. तीन हातांना आठवडा गेला. या तेलाचा एक धोका मात्र कापडाच्या दुकानदाराने पाठच करून ठेवावा. तेल पुसलेले फडके वाळताना स्वतःच तापते. अशा फडक्यांचा बोळा करून कोपऱ्यात टाकला, तर तो काडी न लावता पेट घेऊ शकतो. खाली ठाणांनी भरलेले दुकान, आणि वर तेलाचे बोळे! प्रत्येक फडके आधी पाण्यात बुडवून, मग गच्चीवर एकएक वेगळे पसरून वाळवले गेले.

ओल्या तेलावर किडे चिकटतात ही आणखी एक गोष्ट. संध्याकाळी दिवा लागला, की चिलटे आणि पाखरे जिन्यात येणार आणि ओल्या दांड्यावर बसली की सुटणार नाहीत. म्हणून तेलाचा हात फक्त सकाळी दिला जाई, त्या आठवड्यात जिन्यातला दिवा लावला जात नसे, आणि सूर्यास्ताआधी छतापासून मलमलीचे दोन पन्हे मच्छरदाणीसारखे कठड्याच्या दोन्ही अंगांना सोडले जात. मंडळी अंधारात भिंतीला धरून, हातात छोटी विजेरी घेऊन वर-खाली करीत. लग्नाच्या आमंत्रणपत्रिका द्यायला आलेला छापखान्याचा माणूस ते पाहून विचारता झाला, जिन्यात कोणी आजारी आहे का!

आता दांड्यावर दोरी गुंडाळण्याची गोष्ट. लाकूड मोकळे झाले तरी पावसाळ्यातल्या ओल्या तळव्याची भीती दादीजींच्या मनातून गेली नव्हती. चामडे घरात येणार नव्हते, रेशीम नाही, लोकरही नको असे ठरले; नायलॉनची दोरी हाताला घसरते. उरले ते सूत, आणि सुताच्या बाबतीत हे घर कोणाचे ऐकणारे नव्हते. 4 मिलिमीटर जाडीची, न रंगवलेली, घट्ट पिळाची दोरी निवडली. धाकट्याने अंदाजाने एक बंडल आणले आणि ते हातभर जागेत संपले. हिशेब असा, की दीड इंचाच्या दांड्यावर वेढ्याला वेढा लावून गुंडाळताना एका फुटाला सुमारे 10 मीटर दोरी लागते. सगळा दांडा झाकायचा, तर दोरीचा गठ्ठाच लागला असता. दादीजींनी तेव्हा स्वतः जिन्याच्या माथ्यावर खुर्ची टाकून बसून सांगितले, की सगळीकडे नको. पहिली पायरी उतरताना, वळणावर आणि शेवटच्या तीन पायऱ्यांपाशी, एवढेच पुरे. एकूण 8 फूट जागा, 80 मीटर दोरी. गजांमधून मोठे बंडल फिरत नाही म्हणून तिच्या मुठीएवढ्या गुंड्या केल्या. गज आडवा आला, की त्याच्या खालून तिरपा वेढा घेऊन पलीकडे जायचे. नातसुनेचे पहिले वेढे सैल पडले आणि हाताखाली फिरू लागले. सैल वेढा उघड्या लाकडाहून वाईट, म्हणून ते सगळे सोडून पुन्हा घातले. टोक डिंकाने चिकटवले नाही. शेवटच्या सहा वेढ्यांच्या पोटातून ओढून आवळले, म्हणजे सोडता येते.

सोडता येणे अगत्याचे होते, कारण सुती दोरी ओल धरते आणि ओलीवर फूलण येते. फूलण आल्यावर पुसणे म्हणजे व्हायची ती विराधना होऊन गेलेली असते. ती येऊच न देणे हीच जयणा. तेव्हा दोरीचे दोन संच केले. एक कठड्यावर, दुसरा धुऊन, उन्हात वाळवून कपाटात. दर पाखीला हात लावून पाहायचे; दमट लागली, की संच बदलायचा. हे काम नातसुनेकडे आले, आणि पुढे नव्या सुनेनेही ते शिकून घेतले.

लग्नात पाहुण्यांनी कठड्याचे फारसे कौतुक केले नाही. जुन्या सागाचा रंग एकसारखा नसतो. कुठे मधाळ, कुठे काळसर, कातलेले दोन गज तर सरळ वेगळे दिसतात. एका पाहुण्याने, एवढा खर्च केलात तर नवाच का नाही बसवलात, असेही विचारून घेतले. दादीजी त्या वेळी खाली मांडवात होत्या.

पुढच्या चातुर्मासात त्या रोज उतरल्या. पूर्वी एक नवकार पूर्ण होईतो त्यांचा जिना उतरून होई. आता तीन लागतात, आणि त्या तीन म्हणतात. उजवा हात भिंतीच्या दांड्यावर, डावा दोरीवर. वळणावरचे वेढे सगळ्यांत आधी काळवंडतात, कारण तिथे त्या थांबून श्वास घेतात. म्हणून कपाटातल्या संचात त्या जागेची गुंडी एकाऐवजी दोन ठेवलेली असते.